बहिणीची सही

बाप वारला, दिवसकार्य आटोपलं, की महिन्या-दोन महिन्यांत लेकीला माहेराहून फोन येतो. "ताई, एकदा तालुक्याला येऊन जा, सही लागतेय." कशाची सही, हे ती विचारत नाही आणि भाऊही सांगत नाही, दोघांनाही ते ठाऊक असतं. आत्यांनी दिली, चुलत बहिणींनी दिली, तशी तीही देते. दुय्यम निबंधकाच्या कार्यालयात हक्कसोड पत्राची नोंदणी होते, तलाठी फेरफार धरतो आणि बापाच्या जमिनीवरून लेकीचं नाव उतरतं. पुष्कळदा ते चढून महिनाही झालेला नसतो.

या सहीबद्दल मला लिहायचं आहे. आपल्या समाजात बाईचं स्थान किती बदललं याचा हिशेब मांडायचा तर तो इथे मांडावा लागेल, असं माझं ठाम मत आहे.

बायकांचं आयुष्य बदललंच नाही असं म्हणणाऱ्यांतली मी नाही. १९५१ च्या जनगणनेत देशातल्या शंभर बायांपैकी जेमतेम नऊजणींना लिहिता-वाचता येत होतं. २०११ च्या जनगणनेत तो आकडा पासष्टच्या आसपास गेला, आणि महाराष्ट्रात पंचाहत्तरच्या वर. त्र्याहत्तराव्या घटनादुरुस्तीने गावाच्या पंचायतीत बायांना एक तृतीयांश जागा मिळाल्या, महाराष्ट्राने २०११ साली तो वाटा निम्म्यावर नेला. सुरुवातीला सहीपुरती सरपंच बाई आणि कारभार नवऱ्याचा, असं सर्रास चालायचं. अजूनही चालतं. पण ग्रामसभेत उभं राहून पाण्याच्या टाकीचा हिशेब मागणाऱ्या सरपंच बायाही आता गावोगाव भेटतात. बचत गटामुळे बाईला बँकेची पायरी माहीत झाली. १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलाच्या नावापुढे सरकारी कागदावर आधी आईचं नाव लागतं, मग वडिलांचं. यातलं काहीही आपोआप झालेलं नाही, त्यासाठी बायांच्या कित्येक पिढ्या झिजल्या आहेत.

तरीही घरात आणि गावात माणसाच्या शब्दाला वजन येतं ते मालकीने. खेड्यात मालकी म्हणजे जमीन आणि घर. तिथे फार थोडं बदललं, आणि कायद्याने जे बदललं ते आपण त्या एका सहीने परत काढून घेतलं.

खेड्यात काम करणाऱ्या दर चार बायांपैकी तिघी शेतीत राबतात. पेरणी, खुरपणी, कापूस वेचणी, भाताची लावणी, कांद्याची काढणी ही सगळी कामं बाईच्या हातची. २०१५-१६ च्या कृषी गणनेत मात्र देशभरात बाईच्या नावाची वहिवाट असलेली खाती सुमारे १४ टक्के निघाली, आणि त्याखालचं क्षेत्र त्याहून कमी, १२ टक्क्यांच्या आत. म्हणजे रान तिने राखायचं आणि शेतकरी म्हणून नाव दुसऱ्याचं लागायचं.

नाव नसल्याने काय अडतं, असं शहरातली माणसं विचारतात. सातबारा नाही म्हणून विकास सोसायटीचं पीककर्ज नाही. सभासदत्व नाही म्हणून सोसायटीच्या निवडणुकीत मत नाही. पीकविमा, अतिवृष्टीचं अनुदान, ठिबकचं अनुदान, वर्षाला सहा हजारांची किसान सन्मान निधी, सगळं सातबाऱ्यावरच्या नावाने येतं. आता तर शेतीच्या योजनांना फार्मर आयडी लागतो आणि तो जमिनीच्या नोंदीवरच निघतो. याच्या पुढचं तर आपण बोलतच नाही. महाराष्ट्राचं राजकारण ज्या पायऱ्या चढून वर जातं, म्हणजे सोसायटी, बाजार समिती, जिल्हा बँक, साखर कारखाना, त्यातली खालची पायरीच सातबाऱ्याची आहे. उसाचं क्षेत्र ज्याच्या नावावर तो कारखान्याचा सभासद, आणि सभासदांतूनच संचालक. पंचायतीत आरक्षणाने निम्म्या बाया दिसतात, पण कारखान्याच्या संचालक मंडळात कायद्याने राखलेल्या दोन जागा सोडल्या तर बाई शोधावी लागते. तिथे पोचायला आधी जमीन नावावर असावी लागते.

हे व्हावं म्हणून कायदा करायला स्वतंत्र भारताला फार वेळ लागला. बाबासाहेब आंबेडकरांनी हिंदू कोड बिलात मुलीला वारसा देण्याचा मुद्दा धरून ठेवला. बिल रखडलं आणि १९५१ च्या सप्टेंबरात त्यांनी कायदेमंत्रिपदाचा राजीनामा दिला, त्या कारणांत हे एक मोठं कारण होतं. पुढे १९५६ साली हिंदू वारसा कायदा झाला, पण एकत्र कुटुंबाच्या वडिलोपार्जित मिळकतीत जन्मापासूनचा हक्क मुलांकडेच राहिला. समजा बारा एकर वडिलोपार्जित रान आहे, एक मुलगा, एक मुलगी, आई आधीच गेलेली. बाप मृत्युपत्र न करता वारला. सहा एकर मुलाचे जन्मानेच, बापाच्या वाट्याच्या सहातले तीन पुन्हा त्याचे, राहिलेले तीन मुलीचे. भावाला नऊ, बहिणीला तीन. समानतेच्या घटनेखाली पन्नास वर्षं हा हिशेब कायदेशीर होता.

आंध्र आणि तामिळनाडूने आधी दुरुस्ती केली, मग महाराष्ट्राने १९९४ साली केली. त्याच वर्षी राज्याचं महिला धोरण आलं, ते देशातलं अशा प्रकारचं पहिलं धोरण. पण त्या दुरुस्तीत एक अट होती. २२ जून १९९४ च्या आधी लग्न झालेल्या मुलींना ती लागू नव्हती. एकाच बापाच्या दोन लेकी, थोरलीचं लग्न त्या मे महिन्यात लागलेलं आणि धाकटीचं तुळशीच्या लग्नानंतर, तर धाकटी वाटेकरी आणि थोरली परकी. ही अट ९ सप्टेंबर २००५ च्या केंद्रीय दुरुस्तीने गेली. तरी बाप त्या तारखेला हयात हवा की नको, यावर कोर्टांत पंधरा वर्षं घोळ चालला. ११ ऑगस्ट २०२० रोजी विनीता शर्मा खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने तो मिटवला: मुलीचा हक्क जन्माने आहे, बाप कधी वारला याच्याशी त्याचा संबंध नाही. २० डिसेंबर २००४ च्या आधी रीतसर झालेल्या वाटण्या आणि विक्री मात्र कायम राहतात.

कागदावर आज बारा एकरांत सहा-सहा आहेत, आणि प्रत्यक्षात बारा आणि शून्य. मधली सगळी वाट हक्कसोड पत्राने कापली जाते.

तालुक्याच्या नोंदणी कार्यालयात एखादा दिवस बसून बघावं. बायकांच्या गटाच्या कामासाठी मला तिथे बरेचदा जावं लागतं. बाहेरच्या टपरीवर मजकूर तयार असतो, फक्त नावं आणि गट नंबर बदलतात. 'मी माझ्या राजीखुशीने, कोणाच्याही दबावास बळी न पडता, भावावरील नैसर्गिक प्रेमापोटी, कोणताही मोबदला न घेता माझा हक्क कायमचा सोडून देत आहे.' बहीण पहाटेच्या एसटीने आलेली असते, कडेवर नाहीतर पाठीला पोर. वाचायला कागद तिच्या हातात कुणी देत नाही. पान उलटून बोटाने जागा दाखवली जाते. ओळख पटवणारे दोन साक्षीदार भावानेच आणलेले. संगणकासमोरच्या छोट्या कॅमेऱ्यात फोटो, मग अंगठा. कारकून विचारतो, "राजीखुशीनं ना?" भाऊ मागे उभा. ती मान डोलावते. एकीने अंगठा देण्याआधी विचारलं होतं, "दादा, यात किती रान येतं माझ्या वाट्याचं?" दादा म्हणाला, "असेल चार एकर." चार एकर म्हणजे त्या भागात किती लाख, हे तिथे कुणीच बोललं नाही. तिने अंगठा दिला. नंतर हॉटेलात सगळ्यांनी मिसळ खाल्ली आणि भावजयीने तिला साडी दिली.

त्या भावाला मी दुष्ट म्हणणार नाही. तो बहिणीच्या बाळंतपणाला धावणारा, भाच्याच्या फीला पैसे पाठवणारा माणूस असू शकतो. त्याला यात अन्याय दिसतच नाही, आणि तिलाही दिसत नाही. म्हणूनच केवळ जाणीवजागृतीच्या शिबिरांनी हे सुटेल असं मला वाटत नाही.

यावर जे म्हटलं जातं ते नीट ऐकून घ्यावं असं आहे. पहिलं म्हणणं, लेकीला तिचा वाटा लग्नात दिला. हुंडा १९६१ पासून गुन्हा आहे, तो वाटा म्हणून मोजायचाच असेल तर आधी पोलिसांत सांगावा लागेल. आणि लग्नाचा खर्च गेला मंडपवाल्याला, आचाऱ्याला, मानपानाला, जावयाच्या मोटारसायकलला. त्यातलं तिच्या नावावर काय राहिलं? मुलाचंही लग्न होतं. मुलाच्या इंजिनिअरिंगची फी भरायला रान गहाण पडतं. ते त्याच्या वाट्यातून कुणी वजा केल्याचं मी ऐकलेलं नाही.

दुसरं म्हणणं तुकड्यांचं. महाराष्ट्रात सरासरी धारण क्षेत्र २०१५-१६ मध्ये १.३४ हेक्टरवर आलं होतं, ही चिंता खरी आहे. पण तीन भाऊ वाटण्या करतात तेव्हा जमिनीचे तुकडे होतात म्हणून दोघांनी सह्या द्याव्यात, असं कुणी सुचवत नाही. नाव लावणं म्हणजे बांध घालणं नव्हे. खातं सामाईक राहू शकतं, भाऊ कसतो आणि बहिणीला खंड किंवा बटईचा हिस्सा देतो. हे आपल्याला नवीन नाही. कोकणातल्या सातबाऱ्यांवर मुंबईच्या चाकरमान्यांची नावं पिढ्यान्‌पिढ्या आहेत. ते गणपतीला आणि होळीला येतात, बाकी वर्षभर कलमं गावातला भाऊ बघतो. 'तू इथे राहत नाहीस, सही कर' असं त्यांना म्हणायची कुणाची टाप नाही. मग कणकवलीत जन्मून डोंबिवलीत नांदणाऱ्या बहिणीलाच हे का ऐकावं लागतं?

म्हाताऱ्या आई-बापांना मुलगा सांभाळतो, हे तिसरं म्हणणं मला सर्वांत गंभीर वाटतं. ज्याने आजारपणं काढली, त्याला थोडं जास्त मिळावं यात गैर काही नाही. बाप तसं मृत्युपत्र करू शकतो. पण आजारपणं कुणी काढली हे प्रामाणिकपणे सांगायला हवं. सासऱ्याचं अंथरूण, सासूची पथ्यं, रात्रीची जागरणं सुनेने काढली. तिचं नाव तर कुठेच नाही. तिने आपल्या माहेरी भावाला सही दिली आणि सासरची जमीन नवऱ्याच्या नावावर. एकाच बाईचं दोन्हीकडून जातं, आणि नणंद-भावजय एकमेकींचा हक्क काढून घेणाऱ्या कागदाला साक्षी असतात.

या सगळ्याच्या तळाशी मात्र माहेर तुटण्याची भीती आहे. ज्या बाया मला 'कशाला मागायचं' म्हणाल्या त्यांच्यातल्या कुणालाही जमिनीची किंमत कळत नव्हती असं नाही. एकदा वाटा मागितला की भाऊबीजेला कुणी बोलावणार नाही, पोरीच्या लग्नात मामा उभा राहणार नाही, आणि उद्या नवऱ्याने हाकललं तर जायला दार राहणार नाही, याचं त्यांना भय होतं. हे भय खोटं नाही. ज्या बायांनी दावे लावले, त्यांची माहेरं तुटलेली आहेत, गावाने त्यांना लोभी ठरवलेलं आहे. म्हणून सही देणारी बाई मूर्ख असते असं मी म्हणणार नाही. तिच्या हाती असलेलं एकमेव विम्याचं कागदपत्र ती जपत असते.

पण तो विमा लागू होतो का, हेही बघायला हवं. नांदवत नाहीत म्हणून परत आलेली लेक बापाच्या घरात किती दिवस माणसासारखी राहते? बाप असेतो निभतं. त्यानंतर ओसरीवरची एक खोली, भावजयीचं तोंड बघून मागितलेलं मीठ आणि मुलांना 'मामाच्या जिवावर' हे ऐकवणं. तिच्याच नावावर त्या रानातले तीन एकर असते, तर ती आश्रित नसती. नवऱ्याच्या घरातही फरक पडतो. केरळमधल्या तिरुवनंतपुरम जिल्ह्यात प्रदीप पांडा आणि बीना अग्रवाल यांनी केलेला अभ्यास २००५ साली प्रसिद्ध झाला. ज्या बायांच्या नावावर ना जमीन ना घर, त्यांच्यातल्या ४९ टक्के बायांनी नवऱ्याचा मार खाल्लेला होता. जमीन आणि घर दोन्ही नावावर असलेल्यांत हे प्रमाण ७ टक्के होतं. मारणाऱ्या हाताला ठाऊक असतं की ही उठून जाऊ शकते. हिंसेविरुद्धच्या कायद्यांवर आपण पुष्कळ बोलतो, ते गरजेचंच आहे. पण एका सातबाऱ्याने इतका फरक पडत असेल, तर आपण त्याविषयी गप्प का आहोत?

विधवांची स्थिती याहून वाईट. कायद्याने ती मुलांइतकीच पहिल्या वर्गाची वारस. पण महाराष्ट्रातले जुने सातबारे काढून बघा. कब्जेदार सदरी भावांची आणि मुलांची नावं, आणि बाजूच्या 'इतर हक्क' या रकान्यात विधवेचं, नाहीतर बहिणींचं. जिथे बँकेचा बोजा आणि विहिरीची नोंद असते, तिथे बाईची नोंद. कित्येक ठिकाणी थोरल्या भावाच्या नावापुढे 'ए.कु.मॅ.' असतं, एकत्र कुटुंबाचा मॅनेजर; त्या तीन अक्षरांआड बाकीचे सगळे हिस्सेदार झाकले जातात. त्यात भाऊ पुढेमागे आपलं नाव लावून घेतात, बहिणी कायमच्या झाकलेल्या राहतात. विदर्भ-मराठवाड्यात आत्महत्या केलेल्या शेतकऱ्यांच्या पाचशेच्या वर पत्नींची महिला किसान अधिकार मंचाने २०१८ साली पाहणी केली, तेव्हा त्यांच्यातल्या ४० टक्के बायांना नवऱ्याची शेतजमीन अजून मिळालेली नव्हती. ज्या कर्जापायी नवरा गेला ते कर्ज फेडायची जबाबदारी तिच्यावर, आणि रान दिराच्या ताब्यात. सासरे हयात असतील तर जमीन त्यांच्याच नावावर असते, आणि 'तू दुसरं लग्न केलंस तर' या एका वाक्यावर तिला वर्षानुवर्षं ताटकळत ठेवलं जातं. पुनर्विवाहाने नवऱ्याकडून एकदा मिळालेला वारसा जात नाही, हे तिला कुणी सांगत नाही.

हा प्रश्न हिंदूंपुरता नाही. १९३७ च्या शरीयत कायद्याने मुस्लिम मुलीला वारशात भावाच्या निम्मा वाटा मिळतो, पण त्या कायद्याच्या कलमातूनच शेतजमीन वगळलेली आहे. अनुसूचित जमातींना हिंदू वारसा कायदा लागू नाही. २०२५ च्या जुलैमध्ये सर्वोच्च न्यायालयाने एका गोंड कुटुंबाच्या खटल्यात आदिवासी लेकीलाही समान वाटा दिला, आता नंदुरबार-गडचिरोलीत तो उतरवणं बाकी आहे. २००६ च्या वनहक्क कायद्याने मात्र पती-पत्नी दोघांच्या नावाने पट्टा द्यायची सक्ती केली, ती फार मोलाची. गोव्यात पोर्तुगीज काळापासूनच्या नागरी कायद्याने वेगळा करार नसेल तर लग्नानंतर दोघांची मिळकत निम्मी-निम्मी मानली जाते. नवऱ्याला घर विकायचं तर बायकोची सही लागते. तिथे बाईच्या सहीने मिळकत घरात राहते, आपल्याकडे तिच्या सहीने ती तिच्या हातून जाते.

बाईने स्वतः कमावलं तरी अडचण संपत नाही. हिंदू वारसा कायद्याच्या कलम १५ प्रमाणे मूलबाळ आणि नवरा नसलेली बाई मृत्युपत्र न करता गेली, तर तिची स्वकमाई आधी नवऱ्याच्या वारसांकडे जाते, नंतर तिच्या आई-बापांकडे. लग्नानंतर तीन महिन्यांत विधवा झालेल्या, सासरने घराबाहेर काढलेल्या आणि माहेरच्यांनी शिकवून नोकरीला लावलेल्या एका बाईची सगळी पुंजी २००९ साली याच कलमाने सासरच्यांना मिळाली. नोकरी करणाऱ्या प्रत्येक बाईने मृत्युपत्र करून ठेवावं, आणि संसदेने हे कलम बदलावं.

शेतकरी समाज हे कधीच मान्य करणार नाही, असं जे सांगतात, त्यांना मी चांदवडची आठवण देते. १९८६ च्या नोव्हेंबरात नाशिक जिल्ह्यातल्या चांदवडला शेतकरी संघटनेचं महिला अधिवेशन झालं, लाखांच्या संख्येने शेतकरी बाया आल्या. तिथून पुढे शरद जोशींनी 'लक्ष्मीमुक्ती'चा कार्यक्रम दिला. शेतमालाचा भाव सरकारकडे मागता, तर घरातल्या लक्ष्मीच्या घामाचं देणं आधी फेडा, हे त्यांचं शेतकऱ्यांना सरळ म्हणणं होतं. ज्या गावात शंभरावर कुटुंबं बायकांच्या नावे जमीन करतील ते लक्ष्मीमुक्तीचं गाव. जळगाव जिल्ह्यातल्या विटनेरने हे केलं, मग आणखी गावांनी. हे पुरुष कुणी मोठे सुधारक नव्हते, कांदा आणि कापूस पिकवणारे साधे शेतकरी होते. त्यांच्याशी त्यांच्या भाषेत, त्यांच्या विश्वासाचा माणूस बोलला आणि त्यांनी दिलं. १९९२ साली राज्य शासनानेही सातबाऱ्यावर पत्नीचं नाव सहहिस्सेदार म्हणून लावायची योजना काढली. आजही नवऱ्याने अर्ज दिला तर नाव लागायला हवं. पण नवऱ्याच्या मर्जीवर ठेवलेली योजना कपाटात पडून राहते, आणि ती राहिली.

म्हणून मर्जीवर सोडू नये, असं माझं म्हणणं आहे. वारस नोंद झाल्यापासून किमान तीन वर्षं मोबदल्याशिवायचं हक्कसोड पत्र नोंदवूच नये. बाप गेल्याच्या दुःखात, भावांच्या गराड्यात दिलेली संमती ही संमती धरता येणार नाही. तीन वर्षांनी बहिणीला सोडायचा असेल तर तिने खुशाल सोडावा. पण त्या वेळी दुय्यम निबंधकाने तिला एकटीला बसवून, तिच्या वाट्याचं क्षेत्र आणि रेडीरेकनरची किंमत तिला वाचून दाखवून विचारावं. आज नात्यातल्या हक्कसोडीला मुद्रांक शुल्क नाममात्र आहे. सोडणं इतकं स्वस्त आणि फसवलं गेल्याचं सिद्ध करणं इतकं महाग, ही व्यवस्था उलटी करावी लागेल. दिवाणी कोर्टात तीन वर्षांच्या मुदतीत दावा लावायचा, वकील द्यायचा, समोर सख्खा भाऊ. किती जणी जातील?

यात बहिणीच्या स्वातंत्र्यावर घाला आहे, असा एक आक्षेप येऊ शकतो. सज्ञान बाईला आपली मिळकत देऊन टाकायचा हक्क नाही का? आहे. पण हा हक्क बजावायची पाळी फक्त बहिणींवर येते, भावांवर जवळजवळ कधीच येत नाही, हे दिसत असताना त्याला स्वातंत्र्य म्हणणं मला पटत नाही. आदिवासीची जमीन बिगर-आदिवासीला सहज विकता येऊ नये म्हणून आपण कायदा केलाच ना? दोन बाजूंची ताकद सारखी नसते तिथे कायद्याने दुबळ्याच्या बाजूला थोडं वजन टाकायचं असतं.

सरकारला हे जमणार नाही असं कुणी म्हणू नये. २०२४ मध्ये लाडकी बहीण योजनेचे अर्ज गावोगाव भरून घेतले गेले आणि काही महिन्यांत दोन कोटींहून अधिक बायांच्या खात्यांत महिन्याला दीड हजार रुपये जाऊ लागले. बायांना ते पैसे उपयोगी पडले, मी त्यांना नावं ठेवणार नाही. पण सरकार बदललं, तिजोरी आटली की ते थांबू शकतात. सातबाऱ्यावरचं नाव असं थांबत नाही. ज्या यंत्रणेने इतके अर्ज इतक्या वेगाने तपासले, तीच यंत्रणा गावागावात शिबिर लावून ए.कु.मॅ.च्या नोंदी उघडू शकते, इतर हक्कातली बायांची नावं कब्जेदार सदरी आणू शकते, आणि पती-पत्नीचं नाव जोडीने लावू शकते. शहरात बाईच्या नावाने घर घेतलं तर २०२१ पासून मुद्रांक शुल्कात एक टक्का सूट आहे, त्यामुळे फ्लॅटच्या करारावर बायकोचं नाव येऊ लागलं. पैशाचा थोडा फायदा दिसला की पुरुषांचा हात आपोआप मोकळा होतो. तसाच फायदा शेतीत द्यावा: जोडनाव असलेल्या सातबाऱ्याला पीककर्जाच्या व्याजात जास्तीची सवलत, ठिबकला जास्तीचं अनुदान.

आत्ता यासाठी वेळही योग्य आहे. एप्रिल २०२५ पासून राज्यात 'जिवंत सातबारा' मोहीम सुरू झाली. मेलेल्या खातेदारांची नावं कमी करून वारसांची लावायची, हा तिचा उद्देश. वर्षानुवर्षं आज्याच्या नावावर पडून राहिलेल्या जमिनी आता वारसांच्या नावावर होत आहेत, म्हणजे लाखो बहिणींचं नाव पहिल्यांदा कागदावर यायची संधी आहे. आणि त्याच कागदावरून पंधरवड्यात उतरायचीही. वारसांच्या यादीत बहिणींची नावं गाळण्याचा प्रकार जुनाच आहे. सरपंच-पोलीस पाटलांसमोर 'इतकेच वारस' म्हणून सांगितलं की खपून जातं.

तुमच्या माहेरी अशी नोंद होत असेल, तर गावातून कुणी कळवेल याची वाट बघू नका. महाभूलेखवर सातबारा घरबसल्या बघता येतो, आपली चावडीवर फेरफाराची नोटीस दिसते. नाव गाळलेलं दिसलं तर नोटिशीपासून पंधरा दिवसांच्या आत तलाठ्याकडे लेखी हरकत द्या. त्याला ती विवादग्रस्त प्रकरणांच्या नोंदवहीत घ्यावी लागते आणि निर्णय मंडळ अधिकाऱ्याकडे जातो, सुनावणीला बोलावणं येतं. मुदत टळली असेल तर प्रांताकडे अपील करता येतं. भावाचा फोन आला तर जाऊन कागद आधी हातात घ्या, घरी आणून वाचा, नाव तेवढं राहू दे म्हणा, कसायचं तूच कस. आणि भाऊ हे वाचत असतील तर त्यांनी वारस नोंदीच्या अर्जात बहिणींची नावं स्वतः लिहावीत, त्यांचे पत्ते आणि मोबाइल नंबर द्यावेत, म्हणजे नोटीस त्यांच्यापर्यंत पोचेल. हरकत साध्या कागदावर लिहिली तरी चालते. फक्त तलाठ्याकडून पोच घ्यायला विसरू नका.